दादाच्या मातीचा सीन

चिखली, ९ जानेवारी

अविनाश,

वर 'चि.' लिहावं म्हणून पेन टेकवला, पण हात पुढं सरकला नाही. म्हणून नुसतं नाव.

तुहं पार्सल शाळेच्या पत्त्यावर आलं. शिपायानं सगळ्या स्टाफरूमसमोर हातात दिलं. देशमुख मॅडमनं वरचं नाव वाचलं अन् विचारलं, "भाऊ का?" मी 'हाव' म्हटलं अन् पार्सल पिशवीत कोंबलं. इतक्या वर्षांनी मी चारचौघात तुले भाऊ म्हटलं, सध्या एवढ्यावरच भागव.

फोन करू नको. तुहा आवाज ऐकला की मी भांडीन, अन् भांडली की तुहं काम पडून राहीन. पानं पाठवत जा, वऱ्हाडी बोली दुरुस्त करून परत पाठवीन. संग चिठ्ठी असली तं वाच. दिवसभर पोट्ट्यायले 'मला-तुला' शिकवून जीभ थकते, म्हणून इथी मी बोलते तसंच लिहीन. तुले समजते ना अजून? पुण्याहून पहिल्या सुट्टीत आला तं घरभर 'मला भूक लागली आहे' करत फिरत होता, अन् दादा तुले 'ओ शुद्ध तूप' म्हणून हाक मारे. आई हसून हसून चुलीजवळ बसून गेलती.

तुह्या पानांसंग आलेलं मूळ नाटक मी एका बैठकीत वाचलं. अडीच हजार वर्षांपूर्वीचे ग्रीक लोक, पण गोष्ट समजायले काही जड गेली नाही. दोन भाऊ गादीसाठी लढते अन् दोघंही मरते. राजा हुकूम काढते, एकाची माती मानानं करा, दुसरा गावावर चालून आलता, त्याले कुत्र्या-गिधाडापुढं टाका. बहीण ऐकत नाही. जाते अन् भावाच्या अंगावर मूठभर माती टाकते. राजा तिले जितं कोंडते. मंग पस्तावते, पळत येते, पण तोवर सगळं संपलेलं असते. त्या बहिणीचं नाव माह्या जिभेवर बसत नाही. मी तिले नुसती बहीणच म्हणते.

तू त्याची टीव्हीसाठी मालिका करून राह्यला, बुलढाणा जिल्ह्यात घडल्यासारखी. मूळ नाटकातला राजा तिचा मामा हाये, तू बाप केला. राजाचा सरपंच केला. लढाईची ग्रामपंचायतीची निवडणूक केली. मोठा पोरगा बापाच्या पॅनलविरुद्ध उभा राह्यते, बापाले पाडते, अन् बाप त्याले घराबाहेर काढते. अव्या, पाटी तेवढी ग्रीसची लावली बे तू. आतलं सामान सगळं आपल्या घरचं हाये.

मंग पुढचंही आपल्याच घरचं लिहिलं. दादा खामगावच्या स्टेशनवर बाकावर ऊन लागून मेला. पोलिसांनी खिशातल्या चिठ्ठीवरून घरी फोन केला, अन् आबानं सांगितलं, असा कोणी नाही. दादाले बेवारस म्हणून जाळलं. हे मले कवा समजलं? सगळं झाल्यावर. चिखलीच्या बसस्टँडवर तू पुण्याची गाडी पकडता पकडता सांगितलं, एक पाय पायरीवर ठेवून. मी विचारलं, मले काऊन नाही सांगितलं रे? तं तू म्हणे, आबाचा शब्द होता. गाडी सुटली. त्या दिवसापासून मी तुह्याशी बोलली नाही, अन् आबाशी बोलते ते फक्त भाजीत मीठ किती एवढं.

आता दुरुस्त्या. तुही बहीण म्हणते, "मी माझ्या भावाचा अंत्यसंस्कार करणार." आपल्याकडं असं कोण बोलते? आपण मातीले जातो, माती करतो. मी लिहिलं, "मी माह्या भावाची माती करीन." अन् बाप फोनवर म्हणते, "आमच्या घरात असं कोणीही नाही." आबा उभ्या जन्मात असं शुद्ध बोलले नाही. मी केलं, "असा कोणी नाही बा आमच्या घरी."

संजीवनी

चिखली, ४ फेब्रुवारी

अविनाश,

चॅनलच्या मॅडमले 'माती करीन' खटकलं म्हणतो. त्यायले वाटलं, बहीण भावाची वाट लावायले निघाली. त्यायचं चुकलं असं मी म्हणत नाही. 'दारूनं त्याची माती केली' असं आपणही म्हणतोच. शब्द एकच हाये, अव्या. आबानं दादाची एक माती केली, अन् दुसरी करायची राहून गेली. मॅडमले हे समजावून सांगता येत असन तं सांग, नाहीतर 'अंत्यसंस्कार' ठेव अन् पुण्याच्या लोकायले बरं वाटू दे.

पण एक गोष्ट मी खपवून घेणार नाही. या पानात हा धाकटा भाऊ कुठून उगवला? बहीण चितेजवळ उभी, अन् मागून हा पळत येते, तिच्या खांद्यावर हात ठेवते, "ताई, मी आहे." वा रे वा! त्या नाटकात भाऊ दोनच, अन् दोघंही मेलेले. तिसरा कोणी नाही. हाये ती एक घाबरट धाकटी बहीण. आधी म्हणते, आपण बायामाणसं, राजापुढं आपलं काय चालते, अन् घरात बसते. तुले सोताले घालायचंच असन तं तिथी घाल. जागा रिकामीच हाये.

आपल्या दादाच्या मागं कोणी उभं नव्हतं. खोटा माणूस त्याच्या मातीत उभा करू नको. ते पान मी आडवी रेघ मारून परत पाठवलं.

फोनचं वाक्य तू परत जसंच्या तसं केलं, वर शेरा मारला, 'हे बदलू नकोस, हे असंच हवं.' बरं बाप्पा. लेखक तू, बाप तुहा. मले काय, मी वऱ्हाडी तपासणारी.

शूटिंगले गावात ये म्हणतो, त्या नटीले मडकं कसं धरायचं ते दाखव म्हणतो. मी येणार नाही. दर रविवारी आबाचा डबा घेऊन जाते तेवढं गाव मले पुरे. त्यायले आता बरोबर दिसत नाही, पायही सुजते. डबा उघडून देते, समोर बसते, भिंतीवर आईचा फोटो पाह्यते. त्याच्या बाजूले एक खिळा हाये, दादाचा फोटो टांगलेला होता तो. खिळा काढला नाही अजून, एवढंच सांगते.

बाकी भाषेच्या दुरुस्त्या तेवढ्या लाल पेनानं केल्या हायेत. टायपिस्टले नीट पाहून टाईप करायले सांग.

संजीवनी

चिखली, २ मार्च

चि. अविनाश,

तू येशीन असं वाटलं होतं. तुहा डायरेक्टर आला, दिवे आले, जनरेटर आलं, लेखक नाही आला. म्हणे चॅनलले शेवट बदलून पाह्यजे म्हणून तुले मुंबईत अडकवलं. दादाच्या मातीले तू दुसऱ्या खेपेलेही नव्हता. काय झालं ते मंग मलेच सांगावं लागते.

हाव, मी गेली. नाही म्हणत होती, पण गेली.

आदल्या दिवशी तुह्या कंपनीच्या मॅनेजरनं कडूबा कोतवालाच्या हाती कागद दिला. गर्दी पाह्यजे होती. कागदावर होतं, 'गजेंद्रच्या मातीचा सीन, नदीकाठ, सकाळी आठ.' कडूबाले 'सीन'चा अर्थ काही लागला नाही. त्यानं मारोतीच्या भोंग्यावरून सांगितलं, "रंगराव पाटलांच्या गजेंद्रची माती उद्या सकाळी आठ वाजता नदीवर हाये होऽऽ. सगळ्यांनी यावं."

तू विचारशीन, कागदावर दादाचं नाव कसं आलं, तू तं 'दीपक' लिहिलं होतं. मांगच्या खेपेची पानं काढून पाह्य. जिथी जिथी दीपक होता, तिथी मी लाल पेनानं गजेंद्र केलं. तुह्या टायपिस्टनं तेही वऱ्हाडीच समजून टाईप करून टाकलं.

सकाळी मी नदीवर उतरली तं सगळं गाव तिथी. ज्यायनं तेव्हा आबाच्या धाकानं दादाचं नाव घेतलं नाही, ते सगळे टोप्या काढून उभे. पांढरे कपडे घालून आलेले. बायाही आल्या, त्या नदीच्या अलीकडं थांबल्या. मॅनेजर खूश झाला, म्हणे, कॉश्च्युम किती परफेक्ट! कोणी हसलं नाही.

चितेवर कडब्याचा पुतळा होता, पांढऱ्या कपड्यात गुंडाळलेला. कडूबानं पिशवीतून पळसाची पानं काढली अन् कपड्याच्या आत सारली. मी पाह्यलं. माणूस परमुलखात मेला अन् देह मिळाला नाही, तं आपल्याकडं पळसाच्या पानांचा पुतळा करून त्याची माती करते. कडूबा मह्याकडं पाहून एवढंच म्हणे, "असू द्या, ताई."

प्रतीक्षा, ती नटी, पोरगी चांगली हाये बिचारी. पण मडकं खांद्यावर राहे ना. डायरेक्टर म्हणे, ताई, एकदा करून दाखवा. मी मडकं घेतलं. एक फेरी झाली, कडूबानं दगडानं मडक्याले टोचा मारला, पाणी पाठीवरून वाह्यलं. दुसरी झाली. तिसरीले मले पुढचं काही दिसेना. मडकं मांगं टाकलं, वळून नाही पाह्यलं, पलिता हातात घेतला अन् लावला. तिथी बोंब मारायची असते, ती मले मारता येत नव्हती, पण आली, कुठून आली माहीत नाही. "दादा रे!" म्हणून मी ओरडली, अन् माह्या मांगं सगळं गाव. कॅमेरा चालू होता म्हणे. मले काय त्याचं.

सीन झाल्यावर कंपनीनं पोहे-चहा मांडला होता. कोणी हात लावला नाही. मॅनेजर घाबरला, गावानं संप केला का म्हणून. शेजारची गोजरबाई काकू त्याले म्हणे, "बावा, मातीहून आल्यावर आंघोळीच्या आधी कोणी खाते का?" सगळे नदीत बुडी मारून, लिंबाचा पाला दातांखाली धरून निघाले, अन् कोणी न सांगता सरळ आबाच्या अंगणात येऊन बसले. माती झाली की लोक घरी येऊन बसते, तसे.

आबा बाजेवर होते. म्हणे, "काय झालं बे? कोण कोण हाये?"

कडूबा म्हणे, "मातीहून आलो, आबा."

"कोणाची?"

"गजेंद्रभाऊची."

गोजरबाई काकूनं घरून पिठलं-भाकर आणली होती. ज्याच्या घरी माणूस जाते तिथी चूल पेटत नाही, शेजारचे कडू घास आणून खाऊ घालते, हे तुले माहीत हाये, का तेही शुद्ध झालं? काकूनं ताट आबाच्या पुढ्यात ठेवलं. म्हणे, "पाटील, एक घास तोंडात घाला." सगळं अंगण त्या ताटाकडं पाहून राह्यलं. आबानं एक घास खाल्ला असता, तं दादा त्यायचा झाला असता. मले दुसरं काही नको होतं, अव्या. इतक्या वर्षांत मले एवढंच पाह्यजे होतं.

आबानं ताट सारलं. म्हणे, "माह्या घरात कोणी मेलं नाही."

लोक उठले. मी ताट झाकून ठेवलं.

तरी मी तुह्यावर रागावली नाही, हे सांगायले लिहून राह्यली. तुह्या नाटकामुळं दादाले पलिता तं मिळाला. म्हणून वर 'चि.' लिहिलं.

तुही ताई

चिखली, २० एप्रिल

अविनाश,

मालिका पाह्यली. आबाच्या घरीच पाह्यली, सगळे भाग. गाव अंगणात, आबा टीव्हीच्या जवळ, दिसत नाही म्हणून कानानं ऐकत. नदीचा सीन आला तं लोक एकमेकायले दाखवत होते, हा मी, हा तू. मडकं घेतलेली प्रतीक्षा समोरून दिसते, मागून मीच हाये.

शेवट चॅनलनं गोड केला. बाप पस्तावते, पळत येते, वेळेवर पोहोचते, पोरीले पोटाशी धरते. आबा ऐकून म्हणे, "वेळेवर कोण पोहोचते, संजे?"

पण मले शेवटाचं नाही बोलायचं. फोनचा सीन आला. तो नट आवाज चढवून म्हणे, "आमच्या घरात असं कोणीही नाही." आबा ताडकन उठून बसले. म्हणे, "हे मी नाही बोललो."

मी म्हटलं, नाटक हाये, आबा.

"नाटक असू दे. मी फोनले हात नाही लावला. फोन अव्यानं उचलला. पोलीस होता. अव्यानं मह्याकडं पाह्यलं. मी नुसती मान हालवली. बोलला अव्या. असंच बोलला, एक शब्द इकडचा तिकडं नाही."

मी लाल पेनानं ते वाक्य बदललं होतं अन् तू परत केलं. आता समजलं काऊन. ते आबाच्या तोंडचं नव्हतंच. ते शुद्ध तूप होतं.

आबानं मान हालवली, ते पाप त्यायचं. त्या रात्री ते रडले, तोंड भिंतीकडं करून. दुसऱ्या दिवशी सकाळी म्हणे, गोजरबाईले सांग, तो कडू घास परत आण. काकूनं नवी भाकर केली, पिठलं केलं. त्यायनं दोन घास खाल्ले, तिसरा गिळला नाही. मंग म्हणे, "त्या पोलिसानं बाक सांगितला असन. कोणत्या बाकावर होता गजू? अव्याले विचार. मले तिथी ने."

म्हणून विचारते. तू एक शब्द तरी दुसरा बोलला असता, 'थांबा' म्हटलं असतं, 'ताईले विचारतो' म्हटलं असतं, तं मी खामगावले पोचली असती. पण ते राहू दे. मले भांडायचं नाही आता. बाक कोणता, तेवढं लिही. आता फोन केला तरी चालते.

संजीवनी

चिखली, २८ मे

अविनाश,

आबा गेले. तेरवी झाली. तुले हे पत्रानंच कळून राह्यलं, ते मले माहीत हाये.

तुह्या उत्तराची वाट आबानं पाह्यली. पोस्टमन दिसला की हात वर करत. फोन वाजला की "अव्या का?" विचारत. मंग एक दिवस म्हणे, तो नाही सांगत, चल आपणच जाऊ. आमच्या ह्यायनं गाडी काढली. खामगावच्या स्टेशनवर आबा एकेका बाकावर बसले. बसायचं, हातानं लाकूड चाचपायचं, थोडं थांबायचं, "हा नसन" म्हणून उठायचं, पुढच्यावर बसायचं. एका बाकावर एक बाई लेकरू निजवून बसलेली होती, तिनं उठून जागा दिली. ऊन भल्तं होतं. मी म्हटलं, आबा, पुरे करा. म्हणे, "तो तं दिवसभर होता ना व."

घरी आल्यावर उठले नाही.

मातीच्या वेळी सगळं गाव आलं, या खेपेले कॅमेरा नव्हता. तिरडी बांधून झाली. कडूबानं मले बाजूले घेतलं. म्हणे, "ताई, धाकटे भाऊ निघाले का मुंबईहून? थांबायचं असन तं थांबू, बर्फ सांगतो."

माह्या हातात फोन होता. तुहा नंबर समोर होता, कडूबाच्याच पोरानं काढून दिलता, फक्त दाबायचं राह्यलं होतं. मी म्हटलं,

"आमच्या घरात असं कोणीही नाही."

असंच म्हटलं, शुद्ध. शाळेत शिकवते तसं. एक शब्द इकडचा तिकडं नाही.

कडूबानं मान खाली घातली अन् लोकायले सांगितलं, उचला. मी मडकं घेतलं. या खेपेले तिसऱ्या फेरीतही पुढचं दिसत होतं, सवय झाली म्हणून असन.

त्या रात्रीपासून डोळे मिटले की मले आबा दिसत नाही, दादाही दिसत नाही. ते वाक्य ऐकू येते, माह्याच आवाजात. मले वाटलं होतं ते बोलायले दगडाचं काळीज लागते. काही लागत नाही, अव्या. तोंड उघडते अन् होऊन जाते. तुलेही तेव्हा असंच झालं असन. हे मले समजलं, पण म्हणून मी तुले माफ केलं असं नाही. अन् तू मले करावं असंही नाही.

राख नदीत सोडली. मूठभर ठेवली, ती गोजरबाई काकूच्या लिंबाले फडक्यात बांधून टांगली हाये. घरात आणत नाही म्हणून. ती मले त्या बाकाखाली टाकायची हाये, दादाजवळ. आबा एकेका बाकावर बसले, पण खरा कोणता ते त्यायले समजलंच नाही. ते आता दोघायलेच माहीत हाये, त्या पोलिसाले अन् तुले. पोलिसाले मी कुठी शोधू?

ये म्हणत नाही. येऊ नको असंही म्हणत नाही. बाक तेवढा कळव. एका ओळीत कळव, कोणत्याही भाषेत.

संजीवनी